पाडवा, पण आवाज न करता : बालीतले सहा दिवस

स्वस्त तिकीट मिळालं म्हणून बालीला जायचं ठरलं. त्या तारखांमध्ये पाडवा येतोय हे आईच्या लक्षात आलं, आणि नेमक्या त्याच दिवशी अख्खं बेट बंद असतं हे माझ्या लक्षात आलं, तोवर पैसे भरून झाले होते.

त्या दिवसाला न्येपी म्हणतात. ‘सेपी’ म्हणजे शांत, सुनसान. ‘न्येपी’ म्हणजे तसं होणं. सकाळी सहापासून दुसऱ्या दिवशी सकाळी सहापर्यंत रस्त्यावर पाऊल टाकायचं नाही, दिवा दिसू द्यायचा नाही, गोंगाट करायचा नाही. विमानतळसुद्धा बंद. हे पाहुण्यांनाही लागू.

आता आईबद्दल सांगते. वय ७१. दोन्ही कानांना यंत्र, तरी ऐकू बेताचंच येतं, त्यामुळे ती मोठ्याने बोलते. तिच्याशी बोलून बोलून मीही मोठ्याने बोलते. कुजबुज हा प्रकारच आमच्या घरात उरलेला नाही. अशा आम्ही दोघी त्या गप्प गावाला निघालो.

शनिवार, १८ मार्च २०२३

विमानतळावरच पाच लाख इंडोनेशियन रुपियांचा व्हिसा घेतला. आकडा ऐकून आईने कपाळाला हात लावला, पण आपले ते साधारण २,७०० रुपये.

राहायला सानूरमध्ये एका घरातली खोली घेतली होती. सानूर हा देनपसार शहराचाच समुद्राकडचा भाग. बालीतलं घर म्हणजे एक इमारत नसते. चारी बाजूंनी भिंत आणि आत अंगणात सुट्या सुट्या खोल्या. देवाची जागा ईशान्येच्या कोपऱ्यात. आईने आत पाऊल टाकताच दिशांचा अंदाज घेतला आणि समाधानाने मान हलवली. घरमालकीण साठीची असेल. तिला सगळे ‘इबू’ म्हणत, म्हणजे आई किंवा बाई. ती माझ्या आईलाही इबूच म्हणायला लागली. मग आईने तिला इबू म्हणायला सुरुवात केली, आणि सहा दिवस त्या दोघी एकमेकींना एकाच नावाने हाक मारत राहिल्या.

स्वयंपाकघराच्या भिंतीवर एक दिनदर्शिका होती. २२ तारखेच्या लाल चौकोनाखाली लिहिलं होतं ‘साका १९४५’. आईने चष्मा पुसून परत वाचलं.

“अगं, हा तर आपला शक!”

होय, आपलाच. इसवी सनातून ७८ वजा करून येणारा. आपण त्याला शालिवाहनाचं नाव लावतो, बालीत हीच गोष्ट कनिष्काच्या नावाने सांगतात. न्येपी म्हणजे त्या शकाचा पहिला दिवस. समुद्रापलीकडे हजारो किलोमीटरवर तोच आकडा, तोच दिवस. फरक एवढाच, की आपल्याकडे नवं वर्ष ढोल-ताशे वाजवत येतं आणि इथे ते सगळं बंद करून.

(या योगाच्या भरवशावर तिकीट काढू नका. दोन्हीकडच्या अधिक महिन्यांचा हिशोब जुळत नाही. २०२४मध्ये न्येपीचा दिवस ११ मार्चला होता आणि पाडवा थेट ९ एप्रिलला. जायच्या आधी दोन्ही तारखा पाहा.)

रविवार, १९ मार्च

न्येपीच्या आधीच्या दिवसांत मेलास्ती असते. देवांच्या मूर्ती आणि पूजेच्या वस्तू समुद्रावर नेऊन शुद्ध करतात. प्रत्येक गाव आपला दिवस ठरवतं. आम्ही सकाळी किनाऱ्यावर पोचलो तेव्हा पांढऱ्या कपड्यांची रांगच रांग येत होती. डोक्यावर नैवेद्य, वर पांढऱ्या-पिवळ्या छत्र्या, मागे झांजा आणि घंटांचा ताफा. उकाडा असा की उभ्या उभ्या घामाने निथळत होतो. मग बघता बघता आभाळ भरलं आणि दहा मिनिटं सणसणीत पाऊस. कुणी जागचं हललं नाही. फक्त मूर्तींवरच्या छत्र्या जरा खाली झुकल्या.

आईला एका अनोळखी आजीने हाताला धरून चटईवर बसवून घेतलं. कपाळाला भिजवलेले तांदूळ लावले, तीर्थ दिलं. आईने तीर्थ घेऊन ओला हात डोक्यावरून फिरवला, आपण फिरवतो तसाच. आजी खूश झाली. तिनेही तेच केलं होतं.

खाण्याचं सांगायचं तर आम्ही दोघी शाकाहारी, आणि बालीत डुक्कर फार प्रेमाने खातात. त्यामुळे पहिल्या दिवशी पंचाईत झाली. मग ‘तिपात चान्तोक’ सापडलं. झावळ्यांच्या विणलेल्या पुडीत शिजवलेला भात, उकडलेल्या भाज्या आणि वरून दगडावर ताजं वाटलेलं शेंगदाण्याचं वाटण. वाटताना त्यात कोळंबीचा ‘तरासी’ घालतात, तेव्हा ‘तान्पा तरासी’ म्हणजे तरासीशिवाय असं आधीच सांगायचं. आणि ‘लाकलाक’! तांदळाचे छोटे आंबोळीसारखे चपटे गोल, त्यावर खोवलेला नारळ आणि पातळ ताडगूळ. आईने चार खाल्ले आणि म्हणाली, “घावन-गूळच की.”

सोमवार, २० मार्च

हा दिवस खरेदीचा ठेवा. मंगळवारी दुपारपासून दुकानं मिटायला लागतात, आणि न्येपीला एटीएमपर्यंत चालतसुद्धा जाता येत नाही. रोख पैसे, पाणी, फळं, औषधं घेऊन ठेवावीत. हॉटेलात राहिलात तर जेवण आत मिळतं, पण त्या दिवशी नवी खोली मिळत नाही की सोडता येत नाही. न्येपीला मोबाइलचं इंटरनेटही बंद असतं. २०१८पासून दर वर्षी करतात. टीव्हीची प्रक्षेपणं थांबतात. घरच्यांना आधीच सांगून ठेवा, नाहीतर माझ्या भावासारखा कुणीतरी तिकडे घाबरून बसेल.

संध्याकाळी इबूचा मुलगा आम्हाला बंजारच्या मांडवात घेऊन गेला. बंजार म्हणजे वस्तीची पंचायत म्हणा किंवा आळी म्हणा. त्यांची पोरं महिना-दीड महिना ओगोह-ओगोह बनवत होती. हे म्हणजे बांबू आणि कागदाचे अवाढव्य राक्षस, दुमजली घराएवढे. सुळे, लोंबणारी जीभ, एका पायावर तोललेलं सगळं धूड. ते पडत कसं नाही हे मी तीनदा विचारलं. मुलगा म्हणाला, आत लोखंडी गज आहे, पण हे कुणाला सांगू नका. कोविडच्या काळात मिरवणुका बंदच होत्या, त्यामुळे यंदा सगळ्यांनी दोन वर्षांची हौस एकदम काढलेली दिसत होती. अगदी आपल्या गणपती मंडळांसारखं वातावरण. एक जण रंगवतोय, चार जण सल्ले देतायत, एक नुसता फोटो काढतोय.

रात्री आईने इबूला पाडव्याचं सांगितलं. भाषा येत नसताना गुढी समजावून सांगायची म्हणजे काय! उलटा ग्लास, टॉवेल, झाडूची काठी, सगळं मांडून झालं. इबूला काठी कळली. त्यांच्याकडे गलुंगानच्या सणाला दारात उंच वाकवलेला बांबू, पेंजोर, उभारतात. “लहान चालेल,” ती म्हणाली आणि हाताने कुंपणाच्या भिंतीची उंची दाखवली. तिच्यावर जायचं नाही.

मग आईला कडुनिंब हवा होता. मी फोनवर पानांचा फोटो दाखवला. इबू हसायलाच लागली. “इंतारन!” बाली भाषेत कडुनिंबाला इंतारन म्हणतात, आणि सानूरमधल्या ज्या गावात आम्ही राहत होतो त्या गावाचं नावही इंतारनच. झाड मागच्या गल्लीतच होतं. आम्ही दोन दिवस त्याच्याखालून येत-जात होतो.

मंगळवार, २१ मार्च

अमावास्या. सकाळपासून चौकाचौकात नैवेद्य मांडले होते. भूतकालांना, म्हणजे खालच्या लोकातल्या शक्तींना, त्यांचा वाटा द्यायचा आणि मग हाकलायचं. संध्याकाळ झाली तसं इबूने आम्हा दोघींच्या हातात एकेक पातेलं आणि डाव दिला. तिची सून मशाल घेऊन पुढे, मुलगा बांबूचे तुकडे आपटत मागे, आणि आम्ही घराच्या कोपऱ्याकोपऱ्यात पातेली बडवत. शेजारीपाजारी, सगळ्या गल्लीत तेच. आई इतक्या जोरात बडवत होती की डावाची दांडी वाकली. तो इबूला परत करताना आई फार ओशाळली, पण इबूने तो वाकडा डाव खिळ्याला मानाने टांगून ठेवला.

मिरवणूक पाहायला देनपसारच्या मोठ्या चौकात गेलो. चार तोंडांचा चातुर मुखाचा पुतळा आहे तिथे. शेजारीच १९०६च्या पुपुतानचं मैदान. डच सैन्यापुढे शरण न जाता राजघराण्यातले लोक मरणाला सामोरे गेले, ती ही जागा. एकेका चौकात राक्षस तीनदा उलट्या दिशेने गोल फिरवतात, म्हणजे त्याला दिशा कळेनाशी होते. खाली चाळीस-पन्नास पोरं बांबूची चौकट खांद्यावर घेऊन धावत फिरतात आणि वर तो लाल जिभेचा प्राणी डोलतो. झांजांचा आवाज कानठळ्या बसवणारा.

आईने दोन्ही यंत्रं काढून पर्समध्ये टाकली. मला वाटलं, त्रास होतोय. तिने माझा हात धरून आपल्या छातीवर ठेवला. ढोल तिच्या बरगड्यांत वाजत होता.

(टीप : चौकाच्या आसपास गाड्या दुपारीच बंद होतात. परतीला आम्ही जवळजवळ दोन तास चाललो, तेव्हा वयस्कर माणूस बरोबर असेल तर आपल्या वस्तीतलीच मिरवणूक पाहावी. ती छोटी असते, पण बसायला खुर्ची मिळते.)

बुधवार, २२ मार्च : पाडवा, न्येपी

जाग आली ती आवाजाने नाही, आवाज नसल्यामुळे. स्कूटर नाही, दाराशी फेरीवाला नाही, विमान नाही. कोंबडे मात्र होते. त्यांना कायदा लागू नाही.

कायदा चार कलमांचा. त्याला ‘चातुर ब्रता’ म्हणतात, आपलं चतुर्व्रत. अमाती गनी म्हणजे अग्नी नको, दिवा नको. अमाती कार्या म्हणजे काम नको. अमाती ललुंगान म्हणजे बाहेर जाणं नको. अमाती ललांगुआन म्हणजे करमणूक नको. तोंड बंद ठेवायचं कलम यात नाही, हे मला तिथे गेल्यावर कळलं. घरात हळू बोललं तर चालतं. ज्यांना पूर्ण गप्प राहायचं असतं ते वेगळं ‘मोना ब्रता’ धरतात. इबूने धरलं होतं. शिवाय तिचा उपास.

१९८३पासून न्येपीला सगळ्या इंडोनेशियात सुट्टी असते, पण बालीत हे पाळायला लावते ती गावाची स्वतःची नियमावली, अविग-अविग, आणि तिचे पहारेकरी, पेचालांग. काळ्या-पांढऱ्या चौकड्यांचं वस्त्र कमरेला आणि डोक्याला फेटा. त्या दिवशी रस्त्यावर फक्त तेच, आणि रुग्णवाहिका. बाळंतपण आणि आजारपण यांना सूट आहे, बाकी कुणाला नाही. त्याच दिवशी किनाऱ्यावर तंबू ठोकून बसलेल्या दोन पोलिश पर्यटकांची रवानगी नंतर थेट देशाबाहेर झाली.

गुढी सहाच्या आत उभारली. आईने घरून आणलेला खण, छोटा तांब्या, इबूने दिलेली बांबूची काठी, चाफ्याची माळ आणि इंतारनचा डहाळा. उंची पावणेपाच फूट, भिंतीच्या खाली. उदबत्ती नाही, निरांजन नाही. आई दर वर्षी पंचांग मोठ्याने वाचते, तेही नाही. तिने नुसते हात जोडले. इबू आपल्या देवळाच्या पायरीवरून बघत होती. तिनेही जोडले. मग आम्ही तिघींनी कडुनिंबाचं एकेक पान चावलं आणि तिघींनी तोंडं वाकडी केली. त्याला भाषा लागली नाही.

चूल पेटवायची नाही म्हणून सगळं आदल्या दिवशीचं. आईला यात काही नवल वाटलं नाही, शीतळासप्तमीला आपण तेच करतो. तिच्या गुळपोळ्या होत्या, इबूचा थंड भात आणि तेंपे, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनची वडी, होतं, केळी होती.

नऊ वाजले असतील. मी आईच्या कानाशी तोंड नेऊन काहीतरी सांगायला लागले आणि लक्षात आलं की तिने यंत्रं लावलेलीच नाहीत. ऐकू जावं म्हणून ओरडले असते तर सारी गल्ली दचकली असती. आईने पिशवीतून हिशोबाची वही काढली. वर लिहिलं, “आज कशाला लावू? कुणी बोलतच नाहीये.”

मी लिहिलं, “कंटाळा येईल तुला.”

तिने लिहिलं, “तुला येईल.”

खरंच होतं. अकरापर्यंत मी चार वेळा फोन उचलून पाहिला. नेट नव्हतंच. आई ओट्यावर बसून मुंग्यांची रांग पाहत होती, मग झाडावरची खार, मग इबूचं पिंजऱ्यातलं कवडं. तिला सवय होती. गर्दीच्या लग्नात, भावाच्या घरी, टीव्हीसमोर, ती अशीच बसते आणि आम्ही समजतो की तिचं लक्ष नाही.

दुपारी वही पुन्हा माझ्याकडे आली. या वेळी पानभर. आईचं अक्षर बोरूच्या वळणाचं, एकही खाडाखोड नाही. “कुकरच्या शिट्ट्या मला ऐकू येत नाहीत. चार वर्षं झाली. वाफ बघून मोजते. तुम्हाला सांगितलं नाही, नाहीतर गॅसजवळ जाऊ दिलं नसतं. आधी कोकिळा गेली. मग दाराची घंटा. मग वरच्या पट्टीत गाणाऱ्या बायका. तुझ्या बाबांचा आवाज शेवटपर्यंत येत होता, खर्जातला होता म्हणून.”

मी बराच वेळ काही लिहिलं नाही. मग विचारलं, “माझा?”

“तू चिडलीस की येतो.”

आम्ही दोघी हसलो, आणि आई अर्थातच मोठ्याने हसली. इबूने लांबून ओठांवर बोट ठेवलं. पण तीही हसत होती.

वहीची अकरा पानं भरली त्या दिवशी. सगळी इथे देणार नाही.

काळोख पडला. संध्याकाळी आईचा हात सवयीने काडेपेटीकडे गेला आणि परत आला. दिव्याशिवायचं शहर मी कधी पाहिलं नव्हतं. सात लाख माणसं भोवताली आहेत आणि एकही खिडकी उजळलेली नाही. डोळे सरावल्यावर वर पाहिलं. चंद्र नव्हता. ढग येत-जात होते, पण मधल्या फटीत व्याध अगदी डोक्यावर, दक्षिणेला अगस्ती, आणि उशिरा आग्नेयेला त्रिशंकू. आपल्याकडे हा दिसला तर क्षितिजाला टेकलेला दिसतो, इथे चांगला वर चढला होता. पश्चिमेला शुक्र इतका ठळक, की आईला वाटलं कुणीतरी नियम मोडून दिवा लावलाय.

नियम मोडला तो मी. साडेनऊला आईची रक्तदाबाची गोळी शोधताना फोनचा उजेड केला, आणि पडदा नीट ओढलेला नव्हता. मिनिटभरात फाटकावर टक टक टक. मी गारठले. इबू अंधारात तरातरा गेली. तिचं मौन होतं, त्यामुळे ती बोलणार नाही आणि मला बोलता येणार नाही. फटीतून पेचालांगचा चौकड्यांचा पट्टा दिसत होता. इबूने एक हात छातीवर ठेवला, दुसऱ्याने गोळी गिळायची खूण केली आणि आमच्या खोलीकडे बोट दाखवलं. त्याने मान हलवली आणि गेला. दंड नाही, दरडावणी नाही. पण तशी शरम मला शाळा सुटल्यापासून आली नव्हती.

(टीप : औषधं दिवसाउजेडी हाताशी काढून ठेवा. खोली निवडताना जाड पडदे आहेत का विचारा. आणि अंगण असलेलं घर घ्या. बंद खोलीत चोवीस तास काढणं वेगळं आणि झाडाखाली वेगळं.)

गुरुवार, २३ मार्च

सहा वाजून काही मिनिटांनी पहिली स्कूटर सुरू झाली. मी ताडकन उठून बसले, काळजात कुणी करवत फिरवावी तसं झालं. आई गाढ झोपेत.

या दिवसाला न्गेंबाक गनी म्हणतात, म्हणजे अग्नी मोकळा. लोक एकमेकांकडे जाऊन चुकल्यामाकल्याची माफी मागतात. जवळच सेसेतानमध्ये तरुण मुलामुलींची ‘ओमेद-ओमेदान’ नावाची ओढाओढी असते, मिठ्या आणि चुंबनं आणि वरून पाण्याच्या बादल्या. इबूच्या सुनेने डोळे मिचकावत आम्हाला तिकडे जायला सांगितलं. पण आमचं विमान संध्याकाळचं होतं आणि एका दिवसाची सगळी गर्दी रस्त्यावर उतरलेली. आम्ही घरीच थांबलो.

रमजानचा पहिला रोजाही त्याच दिवशी होता. कोपऱ्यावरचा फळवाला जावाहून आलेला मुसलमान. तो इबूकडे केळ्यांचा फणा घेऊन आला, स्वतः पाणीही न घेता दारातच उभ्याने दोन शब्द बोलून गेला. आईने त्याच्या हातात कागदात बांधून गुळपोळी दिली आणि खुणेने सूर्य मावळताना दाखवला.

निघताना इबूने दोन्ही हात जोडून काहीतरी लांबलचक म्हटलं. तिचा मुलगा भाषांतर करायला पुढे झाला तर आईने त्याला थांबवलं. तिने इबूचे दोन्ही हात धरले आणि मराठीत, नेहमीच्या मोठ्या आवाजात, तेवढंच लांबलचक उत्तर दिलं. उरलेला खण तिने इबूच्या खांद्यावर घातला. गुढीची काठी भिंतीला टेकून उभी होती, डावाच्या शेजारी.

विमानतळावर कालच्या अडकलेल्यांची आणि आजच्या जाणाऱ्यांची अशी दुहेरी तोबा गर्दी. न्येपीच्या दुसऱ्या दिवशीचं तिकीट शक्यतो घेऊ नका, एक दिवस पुढे ढकला. भोंग्यावर काहीतरी सूचना झाली, लोक चुकचुकले. आईने कोपराने ढोसलं आणि वही पुढे केली.

“काय म्हणतायत?”

“दीड तास उशीर,” मी लिहिलं.

तिने पेन घेतलं, मागची पानं उलटून पाहिली, आणि नव्या पानावर लिहायला सुरुवात केली.